क्राउझेंची खिडकी

साठ सालच्या सुमारास मी म्युनिकला शिकत होतो ना, तेव्हाचे माझे घरमालक हेर, म्हणजे श्रीयुत, क्राउझे सिनेमाचे सेट उभारायचे. एकदा त्यांच्या खोलीत कोंदट वाटलं म्हणून मी खिडकी उघडायला गेलो, तर हाताला सपाट भिंत! पडदे तेवढे खरे. बाकी अख्खी खिडकी, पलीकडच्या समुद्रासकट, रंगवलेली. मी चांगलाच ओशाळलो.

त्यांच्या पत्नी, फ्राउ क्राउझे, हसल्या. "मी समुद्राकाठची. मला इथे करमेना, म्हणून यांनी रंगवली. आणि फसलेला तू एकटाच नाहीस हं. गेल्या हिवाळ्यात हेच पांघरुणातून ओरडले, 'अगं, खिडकी लाव, वारा येतोय!'"

"मग तुम्ही काय केलंत?"

"काय करणार? उठून पडदा ओढला. म्हणाले, 'हं, आता कसं बरं वाटतंय!'"