इन्स्पेक्टर आणि मधली सून

...आणि वर चाळीतले मलाच विचारायचे, बघितलीत की नाही! अहो, माणूस जिना चढून येतोय, हातात दोन किलो कांद्याची पिशवी आहे, धाप लागलीय, त्याला आधी जय भीम करा, पाणी विचारा, गुडघा कसा आहे ते विचारा... नाही! पहिल्या माळ्यावर पाय ठेवला की पहिला प्रश्न, बघितलीत की नाही? काय बघितली? तर सिरीज. कुठली? हे विचारायची सोय नाही, कारण कुठली असं विचारलंत की तुम्ही संपलात.

तुम्हाला सांगतो, जाती मोडता मोडता आमच्या दोन पिढ्या गेल्या, आणि या मोबाईलवाल्यांनी वर्षभरात दोन नव्या काढल्या! एक 'भुयार नंबर नऊ' बघणाऱ्यांची आणि दुसरी 'दामले अँड सून्स' बघणाऱ्यांची. रोटीव्यवहार सुद्धा बंद व्हायची पाळी आलीय. 'भुयार' म्हणजे काय, तर एक इन्स्पेक्टर रणदिवे आहे, तो भुयारात शिरतो. संपलं. दोन सीझन झाले, तो अजून बाहेर आलेला नाही. आणि आत अंधार इतका की आमच्या हिने दोनदा मेकॅनिक बोलावला, म्हणाली टीव्ही गेला. टीव्ही कुठला जातोय, भाग चालू होता! आणि 'दामले अँड सून्स'... सून्स म्हणजे मुलगे नव्हेत हो, सुना. तीन सुना. गिरगावात सासऱ्याचं लोणच्याचं दुकान चालवतात. एका भागात एक कैरी चिरून होते. दुसऱ्या भागात कोणाची चिरली यावरून भांडण.

आता हे सगळं मला कसं माहीत? ऐकून! बघितलेली मी एकही नाही. एक सुद्धा नाही. हे आज तुम्हाला सांगतोय, वर्षभर कोणाला कळू दिलं नव्हतं. आणि माझी चूक काय त्यात? मी म्युनिसिपालिटीच्या पाणीखात्यात चावीवाला. लालबाग-परळचं पाणी पहाटे चारला सुटतं ना, ते आकाशातून नाही सुटत, हा शामराव ती एवढी मोठी चावी घेऊन रस्त्यातला व्हॉल्व्ह फिरवतो तेव्हा सुटतं. तीनला उठणारा माणूस रात्री साडेआठला काय बघणार? आणि आमची खोली एकशेसाठ फुटांची, टीव्ही समोर, मी समोर, जाणार कुठे? बसतो. माया, आमची बायको, भुयार लावते. रणदिवे टॉर्च पेटवतो आणि इकडे माझे दिवे जातात. म्हणजे हजेरी माझी प्रत्येक भागाला आहे, तक्रार करायला जागा नाही.

पण चाळीत हे बोलायचं कसं? आमच्या शेजारी दर्शनावहिनी, मूळच्या मालवणच्या, भुयारच्या आमच्या माळ्यावरच्या प्रमुख कार्यकर्त्या. नवीन भाग आला की सकाळी गॅलरीत उभ्याच. "शामभावजी, बघलात की नाय? त्या रणदिव्याक कोणी फसवल्यान?" मी आपला मान हलवायचो, म्हणायचो, "वहिनी, मला तर पहिल्यापासून संशय होता." बस! एवढ्या एका वाक्यावर मी वर्ष काढलं. कोणावर संशय, कसला संशय, कोणी विचारत नाही. उलट माझं नाव झालं, शामरावांना सगळं आधीच कळतं!

आणि दोन्हींत जास्त चालते कुठली, यावर काय वाद, काय वाद! आमच्या नाक्यावरचा सलूनवाला म्हणतो भुयार, कारण पोरं येऊन 'रणदिवे कट' मागतात, एक बाजू साफ आणि दुसरी बाजू डोळ्यावर, म्हणजे भुयारात नसला तरी माणसाला दिसायचं बंद. दादरला साड्यांच्या दुकानात जा, तिथे 'मधल्या सुनेचा काठ' संपला म्हणून बायका रडायच्या बाकी आहेत, म्हणजे दामले पुढे. परळला एक ओळखीचे वारले, त्यांच्या पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमाला आम्ही बसलोय, अगदी शांत, आणि कोणाच्या तरी फोनवर भुयारची ट्यून वाजली. अकरा माणसांनी खिशात हात घातला! अकरा! गेलेल्याबद्दल कोणाला काही बोलायचंय का असं विचारलं तेव्हा दोघं उठले होते. येताना दर्शनावहिनींनी जिन्यात जाहीर केलं, अकरा म्हणजे निकाल लागलो.

आता खरा निकाल कोणाला माहीत होता सांगू? मला. कसा? अहो, पाणी सोडायला पहाटे चारला रस्त्यावर कोण असतो? शुक्रवारी भुयारचा भाग आला की कुठल्या खिडकीत रात्रभर उजेड, ते मी बघतो. शनिवारी दामल्यांचा आला की कुठल्या, तेही बघतो. आणि तुम्हाला सांगतो... त्याच खिडक्या! अगदी त्याच! दर्शनावहिनींची तर शनिवारी जास्त वेळ चालू. पण मी कोणाला बोललो नाही. पाणीखात्यात तीस वर्षं काढली, कुठे काय मुरतं ते ठाऊक असलं तरी चारचौघांत बोलायचं नसतं.

तर असं माझं झाकून चाललं होतं. आणि एक दिवस आमची मित्रा, संघमित्रा, एकुलती एक, लोअर परळला ऑफिसात आहे, माझ्याजवळ येऊन बसली. गुडघ्याला तेल लावून देते म्हणाली. मी तेव्हाच ओळखलं. तेल संपायच्या आत बोलली, "पप्पा, राजरत्न म्हणून एक मुलगा आहे." शीव कोळीवाड्याचा, तिच्याच ऑफिसात, आईवडील आपल्यातलेच, वडील जयवंतराव बस चालवतात. मला काय, मला आनंदच झाला! मुलगी खूश, घर चांगलं, आमच्यात पत्रिका बघत नाहीत, ते लचांड आम्ही छप्पन सालीच सोडून दिलं. म्हटलं, अडचण काय? तर पोरगी तेलाच्या बाटलीचं बूच लावत बसली. मग हळूच म्हणते, "पप्पा, त्याची आई दामलेवाली आहे."

मी हसलो. ती हसली नाही. म्हणाली, हसू नका, दादरचं एक स्थळ आलं होतं त्याला, त्या मुलीचा मामा पोहे खाता खाता दामल्यांना रटाळ म्हणाला, त्याची आई, ललिताबाई, तिथून उठल्या त्या परत गेल्याच नाहीत. आणि आपली मम्मी कशी आहे ते तुम्हाला माहीत आहे. अहो, माहीत म्हणजे? मायाने भुयारवरून सख्ख्या भावाशी दिवाळीत बोलणं टाकलंय! पत्रिका सोडली आणि आता सिरीज जुळवायची! मी मायाला शपथ घातली. म्हटलं, एक संध्याकाळ, फक्त एक संध्याकाळ भुयारचं नाव काढू नकोस. ती म्हणाली, मी काय लहान आहे का?

रविवारी आले. जय भीम झालं, पाणी झालं, पोहे आले. ललिताबाई बोलायला छान, पोह्यांना चांगलं म्हणाल्या, मित्राच्या नोकरीचं विचारलं, चाळीच्या जागी होणाऱ्या नव्या बिल्डिंगचं विचारलं. जयवंतराव माझ्यासारखेच, कमी बोलणारे, बशीत चहा ओतून पिणारे. राजरत्न मित्राकडे बघत नव्हता, म्हणजे किती बघत असेल ते कळत होतं. मी मनात म्हणतोय, सुटलो, सुटलो यातून... आणि ललिताबाईंनी कप खाली ठेवला, पदर सारखा केला आणि मायाकडे बघून अगदी प्रेमाने, "मग, दामले बघता की नाही?"

चार सेकंद. मी मोजले. चार सेकंद माझी बायको गप्प बसली, मी तिला दोष देणार नाही, तिने प्रयत्न केला. मग म्हणाली, "आमच्याकडे भुयार बघतात."

झालं! त्या म्हणाल्या, दामले पाच कोटी लोकांनी बघितलीय. ही म्हणाली, त्यातल्या अडीच कोटींना दुपारची झोप लागत नसेल. त्या म्हणाल्या, भुयारात दिसतं तरी काय? ही म्हणाली, नजर असली की दिसतं. दारात दर्शनावहिनी वाटी घेऊन उभ्या, साखर मागायला आल्या होत्या म्हणे, वाटीत साखर होती! आणि ललिताबाईंनी पर्स खांद्याला लावली. म्हणाल्या, "निघू या आता, ऊन वाढायच्या आत." संध्याकाळचे सहा वाजले होते हो!

मित्राने माझ्याकडे बघितलं. तिला पहिल्यांदा शाळेत सोडलं ना, तेव्हा गेटाच्या आतून तिने असंच बघितलं होतं. म्हटलं, शामराव, आज बोललं पाहिजे. आणि मी बोललो. काय बोललो? म्हटलं, "अहो, दोन्ही चांगल्याच आहेत की." इथे थांबायला पाहिजे होतं! पण तोंड सुटलं, व्हॉल्व्ह खराब झाला की सुटतं तसं. "तो सीन आठवा ना. पहाटेची वेळ, रणदिवे दमून येतो, हातात पुराव्याची बरणी. मधली सून दार उघडते. बरणीकडे बघत पण नाही. म्हणते, साहेब, पुरावा राहू दे बाजूला, आधी दोन घास खाऊन घ्या."

हे कुठून आलं मला, विचारू नका. मी सकाळी घरी येतो तेव्हा माया रोज हेच म्हणते, बरणीच्या जागी माझी चावी असते एवढंच. आणि मग मला कळलं मी काय केलंय. रणदिवे भुयारातला! सून दामल्यांची! दोन वेगळ्या सिरीज, दोन वेगळ्या कंपन्या, तो तिच्या दारात जाणार कसा? माया माझ्याकडे बघतेय, ललिताबाई माझ्याकडे बघतायत, मित्राने डोळे मिटले. मी म्हटलं, गेलं. पोरीचं लग्न मी माझ्या हाताने बुडवलं.

तेवढ्यात जयवंतरावांनी बशी खाली ठेवली, चष्मा काढला, पुसला आणि म्हणाले, "काय सीन आहे तो, शामराव. मी तीनदा बघितला."

तुम्हाला सांगतो, माणसाला माणूस ओळखायला वेळ लागत नाही. मी त्यांच्याकडे बघितलं, त्यांनी माझ्याकडे बघितलं, दोघांनाही एका क्षणात सगळं कळलं. पण बायकांनाही कळलं ना! ललिताबाई अगदी हळू आवाजात विचारतात, "कुठे बघितलात?" जयवंतराव म्हणाले, "आपल्या दामल्यांत." "रणदिवे?" "...पाहुणा म्हणून आला होता." "वर्षभर माझ्या शेजारी बसून काय बघत होतात तुम्ही?" आणि तो भला माणूस खाली मान घालून म्हणतो, "पहिली बस मी काढतो गं. डोळे मिटून ऐकत असतो."

आता भडका उडणार म्हणून मी पाय आवरून बसलो. तर माया पुढे सरकली. ललिताबाईंना विचारते, "घोरतात?" त्या म्हणाल्या, "दुसऱ्या मिनिटाला." "आमचे तर सुरुवातीची नावं येतात तेव्हाच. आणि रिमोट उचलला की?" "जागे होतात! म्हणतात, मी बघत होतो!" "बघत होतो!" अहो, दोघी हसताहेत, दोघी एकमेकींच्या हातावर टाळ्या देताहेत, ललिताबाईंची पर्स कधी खाली आली कळलं नाही. पोहे परत गरम झाले. दर्शनावहिनी वाटीसकट आत येऊन बसल्या. वर्षभरात जे पाच कोटींना जमलं नव्हतं ते आमच्या दोघांच्या घोरण्याने जमवलं! तासाभरात डिसेंबर ठरला, हॉल कुठला बघायचा ते ठरलं, आणि मित्रा माझ्याकडे बघून अशी हसली म्हणून सांगू... पाईपात अडकलेली हवा सुटते ना, फुस्स करून, आणि मग पाणी धो धो लागतं, तसं झालं माझ्या छातीत. आणि त्या दिवसापासून मला कोणी विचारत नाही, बघितलीत की नाही. अख्ख्या चाळीला ठाऊक झालं ना! लाज गेली, पण काय झोप लागते हो आता, उघड उघड झोपतो.

एवढ्यावर मिटलं असतं. पण निघताना जयवंतराव मला गॅलरीत बाजूला घेतात. इकडे तिकडे बघतात आणि विचारतात, "शामराव, ते पुढे काय होतं? तो जेवतो का?" मी म्हटलं, "अहो, ते मी असंच बनवलं." म्हणाले, "ते कळलं मला. पण जेवतो का?" आता होणाऱ्या व्याह्यांना नाही कसं म्हणायचं? म्हटलं, जेवतो. दुसऱ्या दिवशी दुपारी फोन. जेवला, मग? म्हटलं, हात धुवायला गेला तर नळाला पाणी नाही. मग? मग काय, मग रोज. मधली सून आता व्हॉल्व्हच्या मागे लागलीय, तिला त्यात काळंबेरं दिसतंय. जयवंतराव ऐकतात ते ऐकतात, वर बसच्या डेपोत जाऊन सगळ्यांना सांगतात. आता तिथले ड्रायव्हर-कंडक्टर डबा खाताना पुढच्या भागासाठी थांबतात म्हणे.

आणि काल जयवंतराव सांगत होते, तिथला एक जुना कंडक्टर सगळं शांतपणे ऐकून घेतो आणि म्हणतो, "मी बघितलीय ही. पहिला सीझन जास्त चांगला होता."

म्हटलं, असेल बाबा. आपण कुठे बघितलीय!