बाबांच्या पाठीवरची चिठ्ठी

हॅलो?… हॅलो… हो गं शेंडे, ताईच बोलतेय. माझा फोन दुसरं कोण उचलणार?… थांब, साच्याच्या प्लास्टरनं हात माखलेत, फोन खांद्यात धरते… हं, बोल…

नाही, कामावरच आहे… अगं, दातांच्या लॅबला कसली सुट्टी? लोकांना रोज चावायचं असतं… माझ्यासमोर आत्ता सहा जबडे वाळत ठेवलेत, ओळीनं. सगळे आ वासून बघतायत माझ्याकडे. जणू मी गोष्ट सांगत होते आणि मधेच थांबले…

हो, हो… रविवारी आईचा वाढदिवस, विसरेन कशी?… तू आधीच पोचलीस आईकडे?… येणार म्हटलं ना… किती जणांना बोलावलंस?… बाप रे. काका, मावशी, समोरचे मास्तर, त्यांची नात… तुझ्या सासूबाई पण?… आणि बाबा चालेल म्हणाले?… नुसती मान हलवली. कुठल्या बाजूला हलवली ते बघितलंस का?… नाही, सहज विचारलं. तेवढ्या खुर्च्या तरी आहेत का आईकडे? चार वर्षांत कोणी पाहुणा म्हणून बसायला आलेलं नाही तिथे…

काय?… खेळ?… पाठीवरच्या चिठ्ठीचा?… अगं, तो कशाला… नाही, विसरले नाही. ज्याच्या पाठीवर चिठ्ठी त्यालाच ती दिसत नाही, बाकी सगळ्या जगाला दिसते. मग त्यानं विचारत सुटायचं, मी माणूस आहे का, मी वस्तू आहे का, मी कोण आहे… हो, आणि आपण फक्त हो किंवा नाही म्हणायचं. मला काय सांगतेस, दिवे गेले की आपणच खेळायचो ना…

मी? मी कशाला सुचवू?… सुचायचं. आता नाही सुचत… अगं ऐक ना, सिनेमातली माणसं घाल, गायक घाल, पुढारी घाल… 'तसलं सगळेच घालतात'… बरं बाई, बरं. रडवेला आवाज काढू नकोस. थांब जरा…

लिही. पायपुसणं… हो, पायपुसणंच. सगळे तुडवतात, तरी दारात पडल्या पडल्या 'या, या' म्हणतं. हे तुझ्या नवऱ्याच्या पाठीवर लाव… हसतेस काय? सासूबाईंना अर्थ कळला नाही म्हणजे मिळवली…

काकांना रिमोट कर. सोफ्याच्या फटीत पडलेला. ते विचारतील, 'मला लोक शोधतात का?' हो. 'मी सापडतो का?' नाही. 'मग मी आहे तरी कुठे?'… तुमच्याच बुडाखाली, काका… हळू, हळू. ठसका लागेल…

मास्तरांना गजराचं घड्याळ. दुसऱ्याच्या भल्यासाठी ओरडायचं आणि रोज सकाळी डोक्यात चापट खायची… मावशीला… मावशीला फ्रिजमधला दिवा. दार उघडलं की हजर. दार लावल्यावर काय करते, कोणी बघितलंय?… आणि मास्तरांच्या नातीला कवळी. दिवसा जेवते, रात्री ग्लासात पोहते… हवी तर खरीच आणते दाखवायला…

एक मिनिट हं… काय सर?… ती खालची आहे, वरची अजून मेणातच आहे… हो, संध्याकाळपर्यंत देते… हं, बोल गं. सर आले होते… तुझ्या सासूबाईंना? जोडीदार हरवलेला मोजा… नको. मोजा नको, खोड तो. कोणाला भलतंच काही आठवायचं… लिफ्टमधला आरसा कर त्यांना. येणारा-जाणारा थांबून बघतो, पण आरशाला कोणी बघत नाही, जो तो स्वतःलाच…

झाले की मग पुरेसे…

शेंडे?… गप्प का झालीस?… हॅलो?… आहेस ना? आत्ता तर खिदळत होतीस…

आईनं?… आईनं स्वतः लिहिली एक?… अगं, छान की. तिलाही हौस वाटली म्हणायची… मग? काय लिहिलंय?…

परत सांग…

'भोंगा'… एवढंच?…

नाही, ऐकू आलं. पहिल्यांदा सांगितलंस तेव्हाच आलं होतं…

चार वर्षं आपल्या भावाचं नाव कोणी जिभेवर येऊ दिलं नाही त्या घरात, आणि ही बाई कागदावर लिहून मोकळी झाली… हसून दिली तुझ्या हातात? की… साडीच्या टोकानं हात पुसत दिली. म्हणजे बराच वेळ हातात धरून उभी होती…

अगं, तू का रडतेस? रडायचं काम त्याचं होतं आपल्या घरात. पाळण्यातून रडला की गल्लीच्या टोकाला ऐकू जायचं, म्हणून तर भोंगा… आणि गेला तो असा गुपचूप. बाबा रागाच्या भरात म्हणाले, 'चालता हो', आणि चालता झाला. जन्मात कधी सांगितलेलं काम एका हाकेत केलं नाही त्यानं, तेवढं एक केलं… ना फोन, ना कोणाकडून निरोप. घरातूनच गेला की जगातूनही गेला, कळायला काही मार्ग ठेवला नाही…

हं… हं… कोणाच्या पाठीवर लावायची म्हणते? माझ्या का?… मग?…

बाबांच्या!…

नको. नको गं शेंडे… बाबा पहिला प्रश्न कुठला विचारतात, आठवतं ना? दर खेपेला तोच. हात मागे बांधून, छाती पुढे काढून, 'सर्वप्रथम मला एवढंच सांगा, मी जिवंत आहे का?'… हो. आणि सगळ्यांनी एका सुरात ओरडायचं… कोण ओरडेल? काका? मावशी?… 'माहीत नाही' म्हणता येत नाही. 'माहीत नाही' म्हणणारा बाद. भोंग्यानंच केलेला नियम तो… अख्खी खोली बाद होईल, शेंडे…

हे बघ, ऐक माझं. ती चिठ्ठी ठेवून दे आणि दुसरी लाव. छत्री लिही. स्वतः भिजते, दुसऱ्याला कोरडं ठेवते. बाबांना शोभेल… आई चष्म्याशिवाय कुठे वाचते, तिला काय कळणार…

फसवणूक कसली त्यात?… तू नव्हतीस गं तिथे. तुला आम्ही नेलंच नाही. तीनदा पोलिसांचं बोलावणं आलं, शवागारात ओळख पटवायला या म्हणून. तिन्ही वेळा बाबा दारापर्यंत आले आणि दारातच थांबले, माझी पर्स छातीशी धरून. एवढा मोठा माणूस, बायकी पर्स धरून उभा… आत मी जायचे… चेहरा मी नाही बघितला कधी. मी म्हणायचे, तोंड उघडून दाखवा. वरचा डावा, पुढून दुसरा. त्या दाताची कॅप मी घडवलीय. रंग जुळवायला त्याला इथेच खिडकीत उभा केला होता, उजेडात. म्हटलं, तोंड उघडं ठेव, हलू नकोस, तर तसाच आ वासून गाणं म्हणत होता मेला… माझ्या हातचा दात मी अंधारात, नुसत्या बोटानंही ओळखेन… नव्हता. तिन्ही वेळा नव्हता तो. दुसऱ्याच कोणाच्या तरी घरचा होता. आणि मला आनंद व्हायचा गं. कोणाचं तरी पोर समोर निजलेलं, आणि मला आनंद व्हायचा…

तिसऱ्यांदा घरी आलो आणि बाबा म्हणाले, आता पुरे, तो गेला असं समजा. आई समजते की बाबांचं काळीज दगडाचं झालं. तसं नाही ते… चौथ्यांदा त्या दाराशी उभं राहवणार नाही त्यांना. गेला म्हटलं की बोलावणं संपलं… म्हणून म्हणते, छत्री लाव. आणि आईला सांग…

काय वाजलं?… कोण आलं?… आई?… अगं, देऊ नकोस तिला फोन, सांग मी कामात… शेंडे…

हं, आई… हो, बरी आहे… काय ऐकलंस?… सगळं? कसं?… स्पीकरवर टाकला होता? कागद कापायला दोन्ही हात लागतात म्हणून!… धन्य आहे ही मुलगी… नाही, तुझ्यापासून लपवायचं नव्हतं आई… बरं, होतं. लपवायचं होतं. चिडू नकोस…

हो. आनंद व्हायचा, म्हणाले ना. आता ते कशाला पुन्हा…

आई, हट्ट करू नकोस. वाढदिवस आहे तुझा, चार माणसं हसायला येणार. त्यांच्यासमोर बाबांना असं उभं करायचं?… म्हणजे काय, 'बाकी काही नको'?… साडी आणलीय गं मी, फिक्या जांभळ्या रंगाची… नको तर नको…

हो… हो, माहीत आहे. बाबा नव्या माणसाला सांगतात, 'आम्हाला दोन मुली.' आणि तू उठून आत जातेस, पाणी आणायच्या निमित्तानं. बघितलंय मी. पाणी कधीच येत नाही बाहेर… हो गं. तीन वेळा कळा सोसल्यास आणि दोनच मोजतात, समजतं मला… नाही, तुझं चूक आहे असं कुठे म्हणतेय? त्याच्याबद्दल भरल्या घरात एकदा कोणीतरी विचारावं, एवढंच ना तुला हवंय…

आणि बाबांनी विचारलं, आणि सगळे खाली माना घालून बसले, तर?… मी?… मी का देऊ उत्तर?… मी बघितलंय म्हणून?… आई, 'तो हा नव्हे', एवढंच बघितलंय मी. 'तो आहे' हे कुठे बघितलं?… फरक आहे गं त्यात. या दोहोंच्या मधे केवढी नदी वाहते, आणि आपण सगळे या काठावर…

कधी? आत्ता?… फोनवर?… काहीतरीच काय… सर आहेत समोर. माणसं काम करतायत इथे…

बरं. थांब, बाहेर जिन्यात येते… हं. इथे कोणी नाही. विचार…

विचार ना. ऐकतेय मी…

…

हो…

हो म्हटलं, आई… हो. जिवंत आहे… रडू नकोस. आई, बस खाली. शेंडे, तिला खुर्ची दे… नाही, खोटं नाही बोलले. खरंही नाही बोलले. हो किंवा नाही यातलं एक निवडायचं होतं, ते निवडलं… आता पुढचं विचारू नकोस. कुठे आहे, काय खातो, कोण त्याच्यासाठी दार उघडतं… नाही गं, एवढं नाही जमणार मला…

आई?… आई, फोन खाली ठेवलास का?… हॅलो?… कोणाचा आवाज तो?… शेंडे?…

बाबा…

तुम्ही कधीपासून… पलीकडच्याच खोलीत होता? दार उघडं होतं?… हो. बरोबर. स्पीकर… म्हणजे पर्सचंही ऐकलंत… चुकले मी बाबा, तसं म्हणायला नको होतं…

हो, मी हो म्हणाले तिला… नाही, पुरावा नाही. काहीच नाही माझ्याकडे… ओरडा. ओरडा माझ्यावर. म्हणा, म्हातारीला वेडी आशा लावतेस… बाबा, तुम्ही ओरडत का नाही?… 

हो… आई म्हणते तीच चिठ्ठी. तुमच्या पाठीवर लावायची होती… आता कसला खेळ, आता तुम्हाला कळलंच काय लिहिलंय ते. ओळखायला काही उरलं नाही. शेंडीला सांगा, टाकून दे म्हणावं. मी आईची समजूत…

काय?…

कोण, तुम्ही?… खरंच लावून घेणार?… आईसाठी?… बरं. नाही विचारत कोणासाठी…

नको, पिन नको, टोचेल. शर्ट पातळ असतात तुमचे. चिकटपट्टी आहे तिच्याकडे… विचारणार मात्र काही नाही? एकही प्रश्न नाही… बरं. कोणी भाग पाडणार नाही तुम्हाला. मी सांगून ठेवते सगळ्यांना… काका थट्टा करतील, करू देत. मी बघते काकांकडे…

कुठे बसणार?… कोपऱ्यात. भिंतीला पाठ लावून… म्हणजे कोणाला वाचताच येणार नाही…

नाही, हसले नाही… खरंच नाही हसले… चालेल बाबा. सगळा वेळ तसेच बसून राहा. कोणाला दिसलं नाही तरी आईला ठाऊक असेल… मीही बसेन, तुमच्या शेजारी…

फक्त फार रेलू नका, बाबा… हो, भिंतीवर. कागद आहे, चुरगळेल…

हं…

हं. ठेवते.