चिंचेखालची झोप

— अहो अण्णा, हळू बोला, हे झोपलेत तिकडे चिंचेखाली! भिंत मोडत नाहीये मी, भिंतवाल्याचीच बायको आहे, सगुणाबाई. ह्यांनाच, खंडोजींनाच शोधत आलात ना? मग बसा. स्वल्प कॉफी आहे तांब्यात, घ्या. यशवंतपूरच्या पुढे प्लॉट घेतलात? छान झालं! आणि कंपाउंड सिमेंटचं? कशाला हो — परमिटसाठी ऑफिसात चपला झिजवणार तुम्ही, तोवर गावच्या म्हशी तुमची फुलझाडं खाऊन तिथेच रवंथ करत बसतील. आमच्या गडग्याला चुना नाही, माती नाही — नुसता दगडावर दगड. वारा आरपार जातो, पाणी आरपार जातं, सरडे आत संसार मांडतात, आणि भिंत आपली जागच्या जागी! ह्या पेरूच्या बागेला तिन्ही बाजूंनी ह्यांचीच भिंत, वीस वर्षं झाली, एक दगड हललेला दाखवा मला.

ही चौथी? हो, हीसुद्धा ह्यांचीच... मग उतरवते कशाला? फार विचारता बाई तुम्ही! सरी, बरं, सांगते, पण पोटात ठेवा. दोन वर्षं झाली, ह्यांना नीट दिसत नाही. सकाळी रचतात — चाचपून चाचपून, पण ऐट बघा तुम्ही! — आणि नेमका सांध्यावर सांधा येतो. तशी भिंत राहत नाही, पहिल्या पावसात उकलते. म्हणून हे जेवून आडवे झाले की तेवढी मी उतरवते, पुन्हा रचते. उठले की वरून हात फिरवतात, म्हणतात, "सगुणा, आज जमलं बघ!" मी म्हणते, जमणारच. काय करू? हातातलं काम गेलं तर हा माणूस आठ दिवसांत म्हातारा होईल — आणि घरात बसून माझं डोकं खाईल ते वेगळंच!

छे हो, ह्यांना कुठलं कळतंय! दगड तर इथलेच असतात, वर फटीत ठोकायला कपच्या लागतात तेवढ्या — त्याही मला शोधाव्या लागत नाहीत. ह्या बघा, झोपायच्या आधी हेच रोज निवडून ठेवतात — जाड इकडे, बारीक तिकडे, अगदी माझ्या हाताशी...

स्वतःची भिंत रचून झाल्यावर... ह्यांना कशाला लागतात कपच्या?

उठा अण्णा. उद्या सकाळी या, काम ह्यांनाच सांगा. आणि मला इथे पाहिलं म्हणून बोलू नका हं. ह्यांनीसुद्धा कधी बोलून दाखवलं नाही.