बेलव्ह्यूचा मोदक

श्रीगजाननाच्या चरणी मस्तक ठेवून सांगतो, मंडळी. ऐंशीच्या दशकात आम्ही उभयता अमेरिकेत बेलव्ह्यूला चिरंजीवांकडे गेलो असता, त्यांनी आम्हांस प्रवाशांसाठीच्या जपानी पाकवर्गात बसवले. वृद्ध शिक्षिकाबाईंनी आत आंबट लोणचे भरून भाताचे गोळे वळायला मोठ्या मायेने शिकवले आणि वर काळे तीळ पेरले.

सौभाग्यवतींचा हात थबकला. "अहो, हे तर श्राद्धाचे पिंड! तुम्ही धडधाकट शेजारी बसलेले असताना मी हे खाऊ?"

"हळू बोल. बाईंना वाईट वाटेल."

"मग तुम्ही खा."

"मी? स्वतःचे?"

तेवढ्यात बाईंनीच येऊन खिन्नपणे विचारले, "आवडले नाही का?"

सौभाग्यवतींनी तत्काळ तीळ झटकले, गोळ्याला कळ्या पाडल्या, वर नाक काढले. बाई हरखल्या आणि त्यांनी साऱ्या वर्गाकडून तसेच मोदक वळवून घेतले.

डोळे मिटून नैवेद्य दाखवल्यावर मी दचकलो. "अगं, आत लोणचे आहे!"

"असू दे. रोज गोड खाऊन देवही कंटाळला असेल."

तो मोदकही गोड मानून घेणारा गजानन तुम्हां सर्वांचे आणि तुमच्या घरादाराचे कल्याण करो.