लिफ्टची बाजू

— छे छे ताई, ‘अडकलो’ म्हणू नका, अजून सिद्ध कुठे झालंय? तुमचं म्हणणं, लिफ्ट मध्येच बंद पडली. मान्य. पण आत्ता लिफ्टमधल्या या फोनवर लिफ्टवाला काय म्हणाला? ‘लिफ्ट व्यवस्थित चालू आहे.’ झाल्या ना दोन बाजू? मग! मी बातम्या देणारा माणूस — ओळखलंत ना, टीव्हीवरचा? — मला कुणाची बाजू घेता येत नाही. ते धोक्याचं बटण हवं तर तुम्ही दाबा. मी दाबलं की मी लिफ्टच्या विरोधात गेलो.

हसताय? हसा. घरीही हेच चालतं. तो टवाळ कार्यक्रम आहे ना, बातम्यांची टिंगल करणारा — बायको आणि आई ताट बाजूला सारून बघतात. आणि ती मंडळी करतात काय? काही नाही! माझीच बातमी जशीच्या तशी लावतात. पूल पडला तेव्हा मी म्हटलं होतं, ‘पूल पडल्याचा नदीचा दावा, ठेकेदाराचा इन्कार’ — यात हसण्यासारखं काय आहे? आई तर ठसका लागेपर्यंत हसली. पोटच्या पोराला! वाईट वाटतं हो. पूल मलाही दिसत होता, पाण्यात, मी काठावरच उभा होतो. पण दिसलं म्हणून लगेच बोलायचं? संपादक खुर्चीतून उठवतील ना! आजही उशीर झाला तर माझ्या जागी दुसऱ्याला बसवणारच आहेत, किती वाजले बघा — अगं आई! दिवा गेला! ताई, आहात ना? मोबाईलचा उजेड पाडा! हलली — घसरतेय — अहो, बंद पडलीये! अडकलोय आम्ही! तो लिफ्टवाला खोटं बोलतोय, चक्क खोटं, मला दिसतंय ना, मी आत आहे!

— आला दिवा. चालली. हुश्श... खरं सांगू? बोलल्यावर बरं वाटलं. घ्या, उघडलं दार. चौथा मजला? तुम्ही इथेच? पण चौथ्यावर तर त्या टवाळ कार्यक्रमाची मंडळी... ताई, त्या मोबाईलवर चित्रण कधीपासून चालू आहे?

थांबा! ‘अडकल्याचा निवेदकाचा दावा’ असं म्हणा! आणि लिफ्टवाल्यालाही तेवढाच वेळ द्या, नाहीतर माझी खुर्ची...

आजच लावणार?

बरं. लावा. पण एकही शब्द बदलू नका, आई बघते. जा आता, दार अडवू नका.