बिल नको म्हणालो

दुकानात बहीण भांडत असेल तर भावाने किती लांब उभं राहायचं? नाही, सांगाच, कारण मला हे आजपर्यंत कुणी सांगितलेलं नाही. आईला विचारलं तर म्हणाली, "माझ्या हातात पिशव्या होत्या, मला काय विचारतोस." वडिलांना विचारावं तर ते कधीच रस्ता ओलांडून पलीकडच्या दुकानात कुलपं बघत उभे, जन्मात स्वतः एक कुलूप विकत न घेतलेला माणूस. राहिलो मी. खांबामागे. आणि खांबाच्या पुढून ताईचा आवाज... "तुमच्याकडे किलोला किती ग्रॅम असतात हो?" लाज वाटायची हो. धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं असं वाटायचं, आणि घेतलं असतं तरी ताईने तिला विचारलं असतं, माल परत घेण्याची सोय काय आहे?

तुम्ही ओळखता तिला. संध्याकाळच्या बातम्या संपल्या की हवामानाच्या आधी यायची ना, हातात तराजू घेऊन, ग्राहकांच्या तक्रारी घेऊन, तीच. ती माझी ताई आहे, म्हणजे होती, मागच्या महिन्यात गेली. बातमी खालच्या पट्टीवरून धावत गेली, तुम्ही वाचेपर्यंत पुढे निघून पण गेली असेल.

लागली होती ती तिथे पत्रं फोडायला. प्रेक्षकांची पत्रं फोडायची आणि टोपलीत टाकायची, एवढंच काम. पण ही वाचायला लागली. कुणाची इस्त्री जळाली, कुणाचा चष्मा नाकावर बसेना... आणि एक दिवस साहेबांच्या टेबलावर बिस्किटांचा पुडा ठेवून म्हणाली, "यावर लिहिलंय तेवढं यात नाही." साहेब म्हणाले, "मग मी काय करू, भरून देऊ?" ही म्हणाली, "एक तराजू द्या आणि एक कॅमेरा." झालं. साहेबांचं नाव झालं, ताईचं नाव झालं, आणि आमच्या घराची वाट लागली.

कारण वस्तू तपासायच्या कुठे? आमच्याकडे. आई पाच शेगड्यांवर पाच कुकर लावून शिट्ट्या मोजतेय. वडिलांच्या एका गालावर एका कंपनीचं ब्लेड, दुसऱ्या गालावर दुसऱ्या कंपनीचं, आणि तशीच दोन गालांची दोन माणसं ऑफिसला. मला तिने रंग न जाणारे शर्ट घालायला दिले. घाम आला, रंग गेला, म्हणजे शर्टाचा गेला, माझ्याकडे आला. "ठोंब्या, वळ," म्हणाली. ठोंब्या म्हणजे मी, शाळा सोडली तेव्हापासून. वळलो. पाठीचा फोटो काढला आणि संध्याकाळी अख्ख्या जगाला दाखवला, "ही जांभळी पाठ एका फसलेल्या ग्राहकाची आहे." चेहरा दाखवला नव्हता. मित्रांनी पाठीवरून ओळखलं. लाज वाटायची हो.

तिच्या कॅमेरावाल्याने तिला लग्नाचं विचारलं. चांगला होता बिचारा. ही त्याला म्हणते, "माझ्या खाली बारीक अक्षरात काय लिहिलंय ते आधी वाचलंस का?" तो अजून वाचत असेल.

मग मी पंख्यांच्या गोदामात लागलो, खोकी उचलायला. आणि हिचा कार्यक्रम कशावर? नव्या खोक्यात जुना पंखा. खोकं उचलणारा हात कुणाचा? माझा. "फक्त हात दाखवलाय, तुझी नोकरी सांभाळली बरं का," असं वर मलाच सांगतेय. मालकाने बोलावलं, माझा हात हातात घेतला, उलटसुलट करून बघितला आणि म्हणाला, "उद्यापासून हा आणू नकोस, आणि बाकीचा पण नको."

तेव्हा मी ठरवलं. आपण असं व्हायचं नाही. आपण वस्तू घ्यायची, पैसे द्यायचे, मुकाट घरी यायचं, चारचौघांसारखं.

मग ती आजारी पडली. डॉक्टर म्हणाले, आता घरीच ठेवा. पडून पडून पाठीला जखमा होतात म्हणून हवेची गादी आणा, तिला मोटर असते, ती हवा भरत राहते. मी धावत गेलो. मी कुठेही धावतच जातो, विचार मागून चालत येतो. दुकानदाराने गादी बांधली आणि विचारलं, "बिल हवंय का?" तो सूर तुम्हाला माहीत आहे. मान तिरकी, पेन खिशातच. म्हणजे तुम्ही तसले आहात का चांगले आहात? आणि मी, त्या बाईचा सख्खा भाऊ, म्हणालो, "छे छे, बिल कशाला." तो म्हणाला, "अशी गिऱ्हाइकं हवीत बघा." आणि मला बरं वाटलं. ताई घरी तशी पडलेली, आणि मला दुकानदाराने चांगला म्हटलं म्हणून बरं वाटलं.

घरी आलो तर तिचा पहिला प्रश्न, "बिल घेतलंस?"

"घेतलं."

"जपून ठेव."

गादी दुसऱ्या दिवशी बसायला लागली. मोटर घरघर करून हवा भरतेय आणि कुठूनतरी फुस्स. चिकटपट्टी लावली, सायकलच्या ट्यूबचा तुकडा लावला, इथली थांबली की तिथून फुस्स. ताई हळूहळू खाली, खालची फळी तिच्या हाडांना लागायची. आई म्हणायची, "अरे, बदलून आण ना." मी म्हणायचो, दुकान बंद आहे. मग म्हणालो, मालक गावाला गेलाय. मग म्हणालो, मालकाची सासू वारली. माणसाची सासू मारली मी, पण बिल घेतलं नाही हे तोंडातून निघालं नाही. सांगणार कुणाला, तिला?

आणि ही त्या फुस्सवर पडल्या पडल्या कार्यक्रम करायची. आवाज एवढासा झालेला. "नमस्कार. आज आपण पाहणार आहोत एक गादी. सोबत आहेत एक ग्राहक. काय हो ठोंबे, तक्रार केलीत का?" आई तोंडावर हात धरून हसायची. मी म्हणायचो, "दुकान बंद आहे, ताई." मग ती माझ्याकडे बघत राहायची. टाय लावून खोटं बोलणारे भले भले तिने घाम फोडून सोडलेत, मी कोण? तिला कळलं होतं. पण तिने पुढचा प्रश्न विचारला नाही. आयुष्यात कुणाला सोडलं नाही त्या बाईने, मला सोडलं. लाज वाटते हो...

त्याच गादीवर गेली.

आणि मी काय केलं, गादी गुंडाळली आणि दुकानात. म्हणालो, "गळते. बदलून द्या."

"बिल?"

"नाही."

"मग कसं जमायचं, भाऊ?" मग जरा मऊ होऊन, "पेशंट कसे आहेत?"

"गेले."

"अरेरे. मग आता गादी कशाला?"

खरंच, कशाला? दुकानातली सगळी माणसं माझ्याकडे बघतायत, मला दरदरून घाम, आणि तेवढ्यात माझ्या तोंडून आवाज निघाला, "पेशंट जाईपर्यंतच चालतात का हो तुमच्या वस्तू? मोटर लावा. इथेच लावा, सगळ्यांना ऐकू दे." कुबड्या बघत होते ते आजोबा म्हणाले, "लावा की, आम्हालाही ऐकू दे." तो लावेना. माझ्याकडे निरखून बघत म्हणाला, "तुम्ही त्या टीव्हीवाल्या बाईंचे कोण?"

"भाऊ."

तुम्हाला सांगतो, माणूस असा पांढरा होतो हे मला माहीत नव्हतं. नवी गादी आली, नवी मोटर आली, न मागता बिल आलं, वर शिक्का. मला दारापर्यंत सोडायला आला आणि हळूच म्हणाला, "दादा, एवढं बाईंना सांगू नका."

"नाही सांगत," मी म्हणालो.

घरी आणली. तिच्या खाटेवर घातली, मोटर लावली, टम्म फुगली. मी वर आडवा झालो आणि कान लावून ऐकत राहिलो. काही नाही. आई दारात येऊन उभी राहिली, म्हणाली, "कशी आहे रे?"

"चांगली आहे," म्हटलं. "तक्रार काही नाही."