फाटकापाशी थांबलेले काका

डोळ्यांच्या दवाखान्यात नर्सबाईंनी म्हातारीच्या डोळ्यांत थेंब घातले आणि तिला डोळे मिटून बसवलं. शेजारी तिची भाची होती. पुढच्या पेशंटकडे वळल्या तरी नर्सबाईंचे कान तिथेच राहिले.

“मावशी, सिनेमासाठी जुन्या फिल्मा शोधताना तुमचा काडेपेटीचा कारखाना सापडला. सुट्टी झालीय, माणसं बाहेर पडतायत. त्यात काका आहेत!”

“तू तर त्यांना पाहिलंही नाहीस. ओळखलंस कशावरून?”

“चालीवरून. दादा तसाच फेंगडा चालतो.”

“माझ्या लेकाला नावं ठेवू नकोस. दाखव बघू.”

“आजी, डोळे उघडायचे नाहीत!” नर्सबाई ओरडल्या.

“बरं बाई. तूच सांग गं, काय करतायत हे?”

“सगळे घराकडे पळतायत आणि काका फाटकापाशी थांबलेत. सारखे मागे वळून बघतायत.”

“आम्हा बायकांना मागाहून सोडायचे ना. मग? मी येते का?”

“नाही गं. त्याआधीच फिल्म संपते. पुढचा तुकडा मिळावा म्हणून मी जंग जंग पछाडलं, मावशी. नाहीच मिळाला.”

म्हातारी मिटल्या डोळ्यांनीच हसली.

“कशाला जिवाला त्रास करून घेतेस? मी आले होते की.”